‘मी न्हाई’ म्हणणारा जर्मन

थंडीच्या दिवसांत आमच्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात रोज सकाळी एक माणूस येऊन उभा राहायचा आणि सांगायचा, “मी न्हाई.”

म्हणजे काय, तर मी इथं नाहीच असं समजा, तुमचं चालू द्या. एवढं सांगून झालं की तो चुलीसमोर पाटावर बसायचा. सहा फुटांचं धूड, गुडघे पार कानाला लागलेले. आणि मी तो नाहीच असं समजून भाकरी थापत बसायचं. आता नसलेल्या माणसाला बाजरीच्या तीन भाकरी लागतात आणि वर ठेचा मागतो, हे कुणाला सांगून पटणार?

त्याचं नाव रोल्फ. राहणार जर्मनी. सारा जन्म तिकडच्या टीव्हीसाठी आणि माहितीपटांसाठी कॅमेरा चालवला. आता म्हातारा झाला, आणि दर वर्षी दिवाळी उलटली की घोडेगावला येऊन माझ्या मागच्या खोलीत राहतो. पहिल्या वर्षी ‘अक्काकडं जर्मन आलाय’ अशी बातमी फिरली, तेव्हा वरच्या आळीची एक बाई केवढ्याला पडला म्हणून विचारायला आली होती. आमच्याकडं जर्मन म्हणजे ॲल्युमिनियमचं पातेलं. तिला अंगणात दाढी करत बसलेलं हे पातेलं दाखवलं, तर लाजून पळाली बिचारी.

माझी बाजाररस्त्याला खाणावळ होती. होती म्हणते, कारण पुढं गुडघ्यांनीच तिला कुलूप लावलं. शाळा माझी चौथीपर्यंत. पुढचं जे काय शहाणपण आलं ते जेवायला येणाऱ्या माणसांकडून. घोडेगावचा जनावरांचा बाजार मोठा. बैल, म्हशी, शेळ्या, आणि त्यांच्यामागं कुठून कुठून आलेली माणसं. बाजाराच्या दिवशी पिठलं ढवळता ढवळता मी अर्धा महाराष्ट्र ऐकलाय.

रोल्फ पहिल्यांदा आला त्याला पुष्कळ वर्षं झाली. ऊसतोडीला जाणाऱ्या माणसांवर त्यांच्याकडच्या टीव्हीला एक माहितीपट करायचा होता. हा एका टोळीबरोबर अख्खा हंगाम राहिला. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भांड्याकुंड्यांवर बसून गेला, उसाच्या पाचटाच्या कोपीत झोपला. मराठी शिकला तो टोळीतल्या बायांकडून. म्हणून सरपंचापासून म्हशीपर्यंत सगळ्यांना ‘तू’ म्हणतो. मी त्याला इतक्या वर्षांत ‘तुमी’ सोडलं नाही, त्यानं मला ‘तू’ सोडलं नाही. चालायचंच.

हंगाम संपल्यावर रोल्फ, त्याची डायरेक्टर बाई आणि बाकीची शूटिंगची मंडळी आमच्या बाजारात आली, जेवायला माझ्याच खाणावळीत. पहिला दिवस सगळा वाया गेला. आमच्या माणसांची एक रीत आहे, फोटो म्हटला की ताठ उभं राहायचं. टोपी सरळ करायची, हात मांडीला चिकटवायचे, श्वास धरायचा आणि कॅमेऱ्याच्या डोळ्यात डोळा घालायचा. रोल्फनं कॅमेरा वळवला की तिकडचा बाजार जागच्या जागी थांबायचा. भांडणारे भांडण अर्धवट सोडून शेजारी शेजारी उभे राहायचे. एकानं तर आपण बाजूला होऊन बैलाची मान वर धरली.

त्यांच्याबरोबरची दुभाषी मुलगी रडकुंडीला आली. शेवटी तिनं पंचायतीला विनंती केली आणि दुसऱ्या दिवशी पंचायतीच्या शिपायानं माइकवरून पुकारलं, “बाजारात आलेल्या समस्त लोकांनी ऐकावं. पाव्हन्यांच्या कॅमेऱ्याकडं कुनीबी बघायचं न्हाई. पाव्हनं इथं न्हाईतच आसं समजावं. गावाच्या आब्रूचा सवाल हाय.”

हे शेवटचं वाक्य त्यानं पदरचं घातलं. पण तेच लागू पडलं.

आमचं गाव एखादी गोष्ट मनावर घेत नाही. पण घेतली तर मग विचारू नका. त्या दिवशी रोल्फ ज्या वाटेनं जाईल त्या वाटेवरच्या माना दुसरीकडं. म्हातारी माणसंसुद्धा आभाळाकडं बघत चालायची. आणि त्यात एक म्हैस सुटली. दावं तोडून थेट रोल्फच्या मागून निघाली. सगळ्यांना दिसत होतं, पण सांगायचं कसं? त्याच्याकडं बघायचं नाही, आणि तो तर नाहीच. बन्सीनाना म्हणून आमच्याकडचे जुने हेडी आहेत, म्हणजे जनावरांच्या सौद्यातले दलाल. ते लिंबाच्या शेंड्याकडं बघून ओरडायला लागले, “आरं, म्हस सुटलीया! कुनाच्या तरी पाठीमागं हाय!”

म्हशीनं त्याला शेणात लोळवला. कॅमेरा मात्र त्यानं एका हातानं वर धरलेला. आणि शेणातूनच पहिला शब्द काय, तर “मी न्हाई! चालू द्या!” दोघा-तिघांनी त्याला उचलून उभा केला. तिघांचीही तोंडं नगरच्या दिशेला.

एक गोष्ट तेवढी त्याला काही केल्या मिळाली नाही. आमच्याकडं सौदा टॉवेलखाली होतो. घेणारा आणि दलाल एकमेकांचा हात टॉवेलखाली धरतात आणि बोटं दाबून भाव सांगतात. तोंडानं चकार शब्द नाही. बाजूच्याला पत्ता लागत नाही. रोल्फला ती बोटं पाहिजे होती. गुडघ्यावर बसला, आडवा पडला, खालून कॅमेरा लावला. बन्सीनानांनी टॉवेल आणखी खाली ओढला आणि बैलाकडं बघत म्हणाले, “सायेब, टावेलाखालचं दिसाय लागलं तर बाजार कसला ह्यो? भाजीमंडई झाली. टावेलाखालचं टावेलाखाली.”

मंडळी निघून गेली. आणि मग किती तरी वर्षांनी, माझी खाणावळ बंद झाल्यावर, एक दिवस हा एकटाच दारात उभा. केस पांढरे, उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली आलेला. म्हणाला, “अक्का, खोली हाय?”

तो खांदा कॅमेऱ्यानं खाल्लेला. आणि डावा डोळा तो सारखा मिटलेला ठेवतो, तीही कॅमेऱ्याचीच सवय. माणूस बोलत असतो आपल्याशी, पण बघतो एकाच डोळ्यानं. पहिल्यांदा पाहणाऱ्याला वाटतं, हा डोळा मारतोय. त्यापायी आमच्या आळीत आलेल्या पाहुण्यांचे दोनदा गैरसमज झाले.

संध्याकाळी ओट्यावर बसला की मी विचारायची आणि तो तुटक तुटक सांगायचा. सुरुवातीला म्हणे त्याचं काम एवढंच, की कॅमेऱ्यापासून नटीच्या नाकापर्यंत टेप धरून अंतर मोजायचं. “लई नाकं बघितली, अक्का.” मग बातम्या. पूर आला की पुरात, संप झाला की संपात. मग डोंगरावरचे मेंढपाळ, मिठागरं, जहाजं तोडणारी माणसं, असले माहितीपट. महिनोन् महिने त्यांच्या घरात राहायचं, त्यांच्या ताटात जेवायचं, आणि एक दिवस पेट्या भरून निघायचं. आणि मधल्या काळात पोटासाठी एक दवाखान्याची मालिका. वर्षानुवर्षं तोच एक लांब व्हरांडा.

“दवाखाना पुठ्ठ्याचा,” तो म्हणाला. “दर आठवड्याला एक मानूस मरनार. मग जेवनाची सुट्टी. मेलेला उठनार, माझ्या शेजारी बसून सूप पिनार.”

“आनि तुमचं नाव येत आसंल की टीव्हीत?”

“येतं. शेवटी. तवर लोक भांडी घासायला उठतात.”

हे त्यानं काही रडून सांगितलं नाही. दमलेला माणूस चप्पल काढून ठेवतो, तसं सांगितलं.

त्याची दुसरी खोड बोटांची. दिवस कलायला लागला की हात लांब करून तळवा आडवा धरायचा आणि सूर्य आणि जमिनीच्या मध्ये किती बोटं मावतात ते बघायचं. तेवढा उजेड शिल्लक. “अक्का, दोन बोटं राह्यली,” म्हटला की मी वाळवण काढायला उठायची. घड्याळ चुकेल, हा चुकायचा नाही. मात्र दुपारी खोलीबाहेर पडणार नाही. “उजेड वाईट हाय.” मी म्हणायची, बाबा, आमच्या ह्या कोरड्या मुलखात दुसरं काही धड नाही, एक उजेड तरी चांगला असेल अशी माझी समजूत होती. तीपण घालवलीत.

रविवारी त्याच्या मुलीचा फोन यायचा. आन्या तिचं नाव. तोंड बघून बोलायचा फोन. पण हा मोबाईल हातात घ्यायचा तो पाठमोरा, स्वतःचं तोंड दिसणारच नाही असा. तिला माझी चूल दाखव, लिंब दाखव, शेळी दाखव. शेळी अगदी जवळून, पाठीमागून ऊन घेऊन, कान असे सोन्याचे दिसतील अशी. ती पोरगी तिकडून एकच काहीतरी परत परत म्हणायची. एकदा विचारलं, काय म्हणते हो? तर म्हणाला, “म्हनती, बाबा, शेळी पुरे.”

तरी पुढच्या रविवारी पुन्हा शेळीच.

आणि गावानं काय करावं? गावानं आपला शब्द पाळला. रोल्फ रस्त्यानं निघाला की लोक आपसूक तोंड फिरवायचे. एसटीचा कंडक्टर आमच्याच गावचा, तो खिडकीबाहेर बघत त्याला तिकीट द्यायचा. न्हावी रस्त्याकडं बघत त्याचे केस कापायचा. कान वाचले ते नशिबानं. मीसुद्धा भाकरी वाढताना तव्याकडंच बघायची. आम्हाला त्यात अभिमान वाटायचा. पाहुण्यानं एवढी एक गोष्ट मागितली, ती गावानं सोडली नाही. हातात कॅमेरा असो नसो, कशाला उगीच त्याचं काम बिघडवा?

ह्या वर्षी तो आला तोच उतरलेला. कॅमेरा घेऊन बाजारात जायचा, पण लवकर परत यायचा. माझंही काही निराळं नव्हतं. गुडघे, आणि थंडी ही अशी. दोघं ओट्यावर बसायचो. बाजारही आता पूर्वीसारखा भरत नाही. संध्याकाळी मोकळे टेम्पो धुरळा उडवत जायचे आणि आम्ही तो धुरळा खाली बसेपर्यंत बघत राहायचो.

संक्रांतीला पोरं, बाया, म्हातारे सगळे घरी आले. रोल्फच्या तळहातावर प्रत्येकानं तिळगूळ ठेवला आणि ‘गोड बोला’ म्हणाले. म्हणाले ते दाराच्या चौकटीला. तो हात पुढं करून बसलेला, ओंजळ भरलेली, आणि एकाचंही तोंड त्याच्याकडं नाही. मी ते पाहिलं, पण माझ्या डोक्यात काही शिरलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी उंबऱ्यात आला. “अक्का, पुढच्या साली मी न्हाई.”

मला वाटलं नेहमीचंच. म्हटलं, “बरं, न्हाई तर न्हाई. चहा तरी घेनार का न्हाईच?”

तो हसला नाही. “येनार न्हाई मी. आन्याच्या गावात म्हाताऱ्यांचं घर हाय. तिथं खोली मिळती.”

“का वं आसं?”

“थकलो.”

“थकल्यालं मानूस चार मानसांत बसतं. खोलीत कशाला कोंडून घेतं?”

“त्यासाठीच इथं आल्तो.” तो पाटावर बसला. तिळगुळाची ओंजळ त्यानं कागदात बांधून आणली होती, ती त्यानं माझ्यापुढं ठेवली. एकही दाणा खाल्ला नव्हता. “अक्का, खरं सांग. मी काय वाईट केलं? गाव माझ्यावर रागावलंय. कुनी बघत न्हाई. न्हावी पन बघत न्हाई.”

मला एवढं हसू आलं की तव्यावरची भाकरी करपली. हसले, पदरानं डोळे पुसले, आणि त्याच्या तोंडाकडं नजर गेली. तिथंच माझं हसू थांबलं. खरं सांगते, त्या माणसाच्या तोंडाकडं मी त्या दिवशी पहिल्यांदा नीट बघत होते. डोळे त्याचे राखाडी आहेत, हेसुद्धा मला ठाऊक नव्हतं.

म्हटलं, “आवं भाऊ, तुमीच सांगितलं हुतं ना, बघू नका म्हनून?”

“ते शूटिंगला सांगितलं.”

“मग शूटिंग संपलं की तुमच्यात काय म्हनत्यात?”

“कट.”

“हितं कोन म्हनलं?”

तो बोटांवर मोजायला लागला. दुभाषी मुलगी गाडीत बसून गेली होती, डायरेक्टर गेली होती, हाही गेला होता. “कुनीच न्हाई.”

“मग? गाव आजून तुमच्या शॉटमधीच उभं हाय, बाबा.”

त्यानं चुलीत एक काटकी सारली. डावा डोळा कधी उघडला ते मला कळलं नाही. मग हळूच म्हणाला, “लई लांबला शॉट.”

मी काठी घेतली आणि बन्सीनानांकडं गेले. त्यांना सगळं सांगितलं तर ते कपाळाला हात लावून खाटेवर बसले. “आक्का, मान धरली की गं माझी तिकडं तिकडं बघून! आनि मला त्याला कवाचं इचारायचं हुतं, त्या म्हशीनं लई लागलं हुतं का म्हनून. पर इचारनार कसं? त्यो न्हाईच म्हनत्योय!”

मग पुन्हा पंचायत, पुन्हा माइक. शिपाई नवा, पण आवाज तोच, गावाच्या आब्रूचा. “कॅमेऱ्याकडं न बघायचं काम आजपासून समाप्त झाल्यालं हाय. सर्वांनी सहकार्य केलं, आभारी हाय. आता ज्याला बघायचं त्यानं खुशाल बघावं. सक्ती न्हाई.”

सक्ती नाही म्हटलं की आमचं गाव कसं वागतं, ते बाजाराच्या दिवशी दिसलं. रोल्फनं शेवटचं शूटिंग म्हणून लिंबाखाली स्टँड लावला. मी शेजारी कडब्याच्या पेंढीवर बसले होते. त्यानं कॅमेऱ्याला डोळा लावला आणि तसाच थांबला. मान वर काढून बघितलं, पुन्हा डोळा लावला. समोरचा सगळा बाजार त्याच्याकडं बघत होता. टोप्या सरळ, हात मांडीला, श्वास धरलेले. एकानं बैलाची मान वर धरलेली.

सवयीनं त्याचा हात वर झाला. “मी न्ह—”

पुढचं त्याला म्हणवेना. हात तसाच वर राहिला. आता लांबून कुणाला काय वाटणार? वाटलं, रामराम करतोय. तिकडून सगळ्यांचे हात वर झाले.

मग बन्सीनाना गर्दीतून पुढं आले. त्याच्यासमोर उभं राहून, पार खालून वरपर्यंत, राहिलेल्या सगळ्या वर्षांचं बघून घेतलं. म्हणाले, “जर्मना, त्या म्हशीचं लई लागलं हुतं का रं?”

“लागलं हुतं. थंडीत आजून दुखतं.”

“मग सांगायचं न्हाई व्हय?”

“तू बघत नव्हतास.”

नानांनी खांद्यावरचा टॉवेल काढला, रोल्फच्या हातावर टाकला आणि त्याखाली आपला हात घातला. रोल्फचे दोन्ही डोळे उघडे, लहान पोरासारखे. टॉवेल हलला. रोल्फनं मान हलवली, नाही. टॉवेल पुन्हा हलला. नाना तोंड वाकडं करून आभाळाकडं बघायला लागले, परवडत नाही म्हणून. आता रोल्फच्या बाजूनं टॉवेल हलला, सावकाश, एकेक बोट विचार करून दाबल्यासारखा. नाना थांबले. मग त्यांनी टॉवेल झटकला आणि म्हणाले, “झाला सौदा!”

एवढा वेळ कॅमेरा स्टँडवर एकटाच उभा होता. तो चालू होता की बंद, मला माहीत नाही. रोल्फनं त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही.

घरी येताना मी म्हटलं, “काय ठरलं वं?”

“अक्का, टावेलाखालचं टावेलाखाली.”

सामान त्यानं निम्मंच भरलं. निम्मं मागच्या खोलीत राहिलं.

जायच्या आधीच्या रविवारी सकाळी तो स्वयंपाकघरात आला आणि थेट पाटावर बसला. मी वाट बघत होते, उंबऱ्यात थांबून ‘मी न्हाई’ म्हणेल म्हणून. म्हणाला नाही. भाकरी खाल्ली, ठेचा मागितला. मग आन्याचा फोन आला. सवयीनं तो शेळीकडं निघाला, दारापर्यंत गेला आणि तिथून परत आला. पाट उचलून त्यानं दाराजवळ, ऊन येतं तिथं ठेवला. बसला. जरा वळला. पुन्हा पाट हलवला. नटीच्या नाकाला टेप लावणारा तो माणूस आता हात लांब करून मोबाईल स्वतःच्या तोंडासमोर मागंपुढं करून अंतर जमवत होता.

पलीकडं आन्यानं खुर्ची पुढं ओढल्याचा आवाज आला.

तेव्हा मान न वळवता त्यानं मला विचारलं, “अक्का, तोंडावर उजेड बरा हाय का?”

मी भाकरी खाली ठेवली आणि नीट बघितलं.

“बरा हाय,” म्हटलं. “लई बरा हाय.”